निलंबन काळातला पगार अडकलाय? कोर्टात जायला उशीर होऊ नये म्हणून काय काय करायचं

निलंबनाचा आदेश हातात पडला की माणूस पहिले पंधरा दिवस नुसता सुन्न असतो. घरी काय सांगायचं, सोसायटीचा हप्ता कसा भरायचा, पोरांच्या फीचं काय, आणि या सगळ्या गोंधळात पगाराच्या हक्कालाही मुदत असते हे डोक्यातच येत नाही, मोठं नुकसान नेमकं तिथेच होतं. मी बरीच वर्षं आस्थापना शाखेत टेबल सांभाळलं, निलंबनाच्या पुष्कळ फायली हातून गेल्या, आणि रिटायर झाल्यावरही लोक कागद घेऊन घरी येतात. हक्क खरा असतो, कागद बोलतात, पण मुदत उलटून गेलेली असते. अशा माणसाला तोंडावर "उशीर झाला हो" असं सांगायला जीव होत नाही, म्हणून जे आत्ता नव्याने या फेऱ्यात सापडलेत त्यांच्यासाठी हे सगळं सविस्तर लिहितोय.

मुख्यतः राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांना धरून लिहिलंय, झेडपी, केंद्र सरकार, अनुदानित शाळा वगैरेंचं पुढे थोडक्यात येईल.

आधी एक प्रकरण सांगतो, म्हणजे धोका कुठे आहे ते कळेल. एक कनिष्ठ लिपिक माझ्याकडे आले, निवृत्तीला दीडेक वर्ष राहिलेलं, हातात किराणा दुकानाची प्लास्टिकची पिशवी आणि त्यात सगळे कागद. सव्वादोन वर्षं निलंबित होते, विभागीय चौकशीत दोषारोप सिद्ध झाले नाहीत, पुन्हा कामावर घेतलं. पुनःस्थापनेचा आदेश दोन पानी. दुसऱ्या पानावर, सहीच्या जरा वर, शेवटून दुसरी ओळ अशी: "सदर निलंबन कालावधी हा निलंबन कालावधी म्हणूनच गणण्यात येत आहे." ज्या दिवशी हा आदेश मिळाला त्या दिवशी त्यांनी ऑफिसात पेढे वाटले होते. ती ओळ वाचलीच नव्हती. वेतनवाढ अडकली तेव्हा आठ महिन्यांनी कुणीतरी दाखवली. मग त्यांनी निवेदनं द्यायला सुरुवात केली, सात वर्षांत अकरा निवेदनं, प्रत्येकावर आवक शाखेचा जांभळा गोल शिक्का, जुन्यांवरचा तर इतका पुसट झालेला की तारीख वाचायला कागद खिडकीशी धरावा लागला. अकराच्या अकरा पोच जपून ठेवलेल्या. आणि त्यातल्या एकाही पोचेने मुदत एक दिवसाने सुद्धा वाढली नव्हती.

या लेखात सांगायचंय ते हेच. निवेदन देत राहिल्याने कोर्टाची मुदत थांबत नाही. सुप्रीम कोर्टाने १९८९ मध्ये एस. एस. राठोर प्रकरणात सात न्यायमूर्तींच्या पीठाने हे सांगितलंय की नियमात ज्याची तरतूद आहे ते अपील किंवा निवेदन धरलं जातं, त्याच्यानंतर पुन्हा पुन्हा दिलेल्या अर्जांनी मुदत लांबत नाही. २००८ च्या सी. जेकब प्रकरणात तर १८ वर्षांनी निवेदन देऊन मेलेला विषय पुन्हा उकरायचा प्रयत्न होता, कोर्टाने सांगितलं की अशा निवेदनाला ऑफिसने उत्तर दिलं म्हणून जुना दावा जिवंत होत नाही.

पहिलं काम: कुठला पैसा मागताय ते ठरवा

"निलंबनाचा पगार" असं आपण सरसकट म्हणतो पण त्यात वेगवेगळे पैसे आहेत आणि प्रत्येकाचं मुदतीचं गणित वेगळं आहे, हे नीट समजून घ्या.

एक म्हणजे निर्वाह भत्ता, निलंबन काळात घर चालवायला मिळणारी रक्कम. महाराष्ट्र नागरी सेवा (पदग्रहण अवधी, स्वीयेतर सेवा आणि निलंबन, बडतर्फी व सेवेतून काढून टाकणे यांच्या काळातील प्रदाने) नियम १९८१, नाव लांबलचक आहे, लोक नुसतं "८१ चे नियम" म्हणतात, त्यातला नियम ६८. अर्धपगारी रजेवर असताना जेवढं रजा वेतन मिळालं असतं तेवढा भत्ता, त्यावर महागाई भत्ता, आणि अटी पूर्ण होत असतील तर घरभाडं वगैरे. म्हणजे मूळ वेतन ४०,००० असेल तर २०,००० आणि त्या वीस हजारावरचा डीए. हा दर महिन्याला मिळायला पाहिजे. ही कुणाची मेहेरबानी नाही. १९८३ मध्ये महाराष्ट्रातलंच चंद्रभान प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं होतं, तेव्हाच्या नियमात अशी तरतूद होती की फौजदारी शिक्षा झाली आणि अपील चालू असेल तर निर्वाह भत्ता महिन्याला फक्त १ रुपया द्यायचा, कोर्टाने ती तरतूद रद्द केली. आणि १९९९ च्या पॉल अँथनी निकालात सांगितलं की भत्ता न देणं हा जगण्याच्या हक्कावरच घाला आहे, पैसे नसल्यामुळे माणूस चौकशीला हजर राहू शकला नाही तर ती चौकशीच टिकत नाही.

दुसरा पैसा म्हणजे तीन महिन्यांनंतरची वाढ. निलंबन लांबलं आणि त्यात तुमचा दोष नसेल तर भत्ता ५० टक्क्यांपर्यंत वाढवता येतो, म्हणजे वरच्या उदाहरणात वीसाचे तीस हजार. तुमच्यामुळे लांबलं असं सक्षम प्राधिकाऱ्याला वाटलं तर तेवढाच कमीही करता येतो. ही वाढ आपोआप लागत नाही, आदेश काढावा लागतो, आणि कुणी मागितलं नाही तर तो आदेश टेबलावर येतच नाही हे मी स्वतः शाखेत बघितलंय. त्यामुळे तीन महिने झाले की लेखी मागा.

तिसरा, आणि रकमेच्या दृष्टीने सगळ्यात मोठा, म्हणजे कामावर परत घेतल्यानंतरचा फरक. पूर्ण पगार वजा दिलेला निर्वाह भत्ता. हा नियम ७२ खाली ठरतो. निलंबन पूर्णपणे असमर्थनीय होतं असं ठरलं तर पूर्ण वेतन आणि तो काळ कर्तव्यकाळ, म्हणजे तुम्ही कामावरच होता असं धरलं जातं. नाहीतर किती रक्कम द्यायची ते प्राधिकारी ठरवतो, पण त्याआधी त्याने तुम्हाला नोटीस द्यायची असते आणि तुमचं म्हणणं विचारात घ्यायचं असतं, त्यासाठी जास्तीत जास्त ६० दिवस. कोर्टातून निर्दोष सुटलो म्हणजे पूर्ण पगार मिळणारच अशी खूप लोकांची समजूत आहे, तसं नाहीये. १९९७ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सुप्रीम कोर्टाने याच नियम ७२ वर सांगितलंय की निर्दोष सुटका झाली म्हणून सगळे लाभ आपोआप मिळत नाहीत. म्हणजे मागावं लागतं, आणि वेळेत मागावं लागतं.

आता निलंबन काळातच कर्मचारी वारला तर? हे फार घरांना माहीत नसतं म्हणून मुद्दाम लिहितो. चौकशी किंवा केस पूर्ण व्हायच्या आत मृत्यू झाला तर नियम ७२ मध्येच आहे की तो सगळा काळ कर्तव्यकाळ धरायचा आणि घरच्यांना पूर्ण वेतनाचा फरक द्यायचा, दिलेला भत्ता वजा करून. विधवा बाई अनुकंपा आणि फॅमिली पेन्शनच्या मागे पळत राहते आणि ही रक्कम कुणी सांगतच नाही.

पहिल्या दिवसापासून कागद

आदेश मिळाला की त्यावर पाठीमागे पेनाने लिहा, कुठल्या दिवशी, कुणाकडून, कसा मिळाला. पोस्टाने आला असेल तर पाकीट फेकू नका, पाकिटावरचा टपाल शिक्का पुढे कामाला येतो. कारण आदेशावरची तारीख आणि तुमच्या हातात पडल्याची तारीख यात कधी कधी महिना दीड महिना अंतर असतं.

दर महिन्याला "मी अन्यत्र नोकरी, धंदा, व्यवसाय करत नाही" असं प्रमाणपत्र द्यायचं, पोच घ्यायची. हे प्रमाणपत्र नसेल तर भत्ता देता येत नाही असं नियमातच आहे, आणि पुढे कोर्टात शासनाचं उत्तर ठरलेलं असतं, की कर्मचाऱ्याने प्रमाणपत्रच दिलं नाही म्हणून भत्ता दिला नाही. तुमच्याकडे बारा महिन्यांच्या बारा पोच असतील तर ते उत्तर तिथल्या तिथे पडतं. आवकवाला पोच देत नसेल तर रजिस्टर एडीने पाठवा, ऑफिसच्या मेलवर पाठवा. निलंबन आदेशात जे मुख्यालय दिलंय ते परवानगीशिवाय सोडू नका, गावी जायचं असेल तर अर्ज द्या.

एक वही करा. साधी शंभर पानी. डावीकडे तारीख, उजवीकडे काय दिलं, काय मिळालं, कोण काय बोललं. हे मी सगळ्यांना सांगतो आणि बहुतेक जण करत नाहीत, पण ज्यांनी केली त्यांचा विलंब माफीचा अर्ज एका बसण्यात लिहून झाला, बाकीच्यांना तारखा आठवत बसावं लागलं.

निलंबन किती लांबलंय यावरही लक्ष ठेवा. २०१५ च्या अजयकुमार चौधरी निकालात सुप्रीम कोर्टाने तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे चालू ठेवू नये असं सांगितलं, आणि त्याला धरून आपल्याकडे ९ जुलै २०१९ चा जीआर आहे. ९० दिवसांत दोषारोपपत्र आलं नाही तर त्या जीआरचा आधार घेऊन लगेच अर्ज द्या. दोन वर्षांनी हा मुद्दा काढलात तर त्याची धार गेलेली असते.

पुनःस्थापनेचा आदेश शेवटच्या ओळीपर्यंत वाचा

आनंद होणारच, व्हायलाच पाहिजे, पण आदेश घरी नेऊन शांतपणे वाचा. तीन शक्यता असतात.

निलंबन काळ कर्तव्यकाळ धरला असं स्पष्ट लिहिलंय, मग फक्त बिल निघण्याचा पाठपुरावा.

किंवा वर सांगितलं तसं "निलंबन म्हणूनच गणण्यात येतो". ही तुमच्या विरोधातली ऑर्डर आहे. ती हातात पडल्यापासून घड्याळ सुरू झालं. आधी नोटीस दिली होती का, ६० दिवसांची संधी दिली होती का ते बघा, दिली नसेल तर तुमचा पहिला मुद्दा तोच. पूर्ण पगार मिळत नसेल तर निदान तो काळ शिल्लक रजेत बदलून द्या अशी मागणीही करता येते, ती आत्ताच करा.

तिसरी शक्यता सगळ्यात फसवी. आदेशात लिहिलेलं असतं, "निलंबन कालावधीबाबतचे आदेश स्वतंत्रपणे निर्गमित करण्यात येतील". माणूस निवांत होतो, म्हणतो ऑर्डर निघेल तेव्हा बघू, आणि ती निघतच नाही, साहेब बदलतात, टेबल बदलतं, फाइल कपाटात जाते, मग पेन्शन केसच्या वेळी सेवापुस्तकात तो काळ कोरा सापडतो. असं लिहिलं असेल तर दोन तीन महिने वाट बघा आणि मग नियम ७२ खाली आदेश काढा असं एक नीट निवेदन द्या. हे निवेदन महत्त्वाचं, कारण इथून पुढचं गणित त्याच्या तारखेवर चालतं.

आता गणित

निर्वाह भत्ता ठरवणारा आदेश असो की निलंबन काळाचं वेतन ठरवणारा, त्यावर विभागीय अपील करता येतं, आदेश मिळाल्यापासून ४५ दिवसांत. ते आधी करा. कारण प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा १९८५, कलम २०, सांगतो की उपलब्ध मार्ग वापरल्याशिवाय सहसा अर्ज घेणार नाही. आणि कलम २१ मुदत सांगतो: अपिलावर निर्णय झाला तर त्या तारखेपासून एक वर्ष. अपील, किंवा वर सांगितलेलं नियम ७२ खालचं निवेदन, देऊन सहा महिने झाले आणि निर्णयच नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष.

तारखा घालून सांगतो. आदेश १० जून २०२४ ला हातात मिळाला. अपील २५ जुलैच्या आत. समजा १५ जुलैला दिलं. १ ऑक्टोबर २०२४ ला फेटाळल्याचं पत्र निघालं तर मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, अर्ज १ ऑक्टोबर २०२५ च्या आत. काहीच उत्तर नाही तर १५ जानेवारी २०२५ ला सहा महिने पूर्ण, तिथून एक वर्ष, म्हणजे १५ जानेवारी २०२६ च्या आत. मधे मार्चमध्ये स्मरणपत्र दिलं, जूनमध्ये मंत्री महोदयांना भेटून निवेदन दिलं, युनियनने शिष्टमंडळ नेलं, यातलं काहीही १५ जानेवारी २०२६ ला पुढे ढकलत नाही. स्मरणपत्र देऊ नका असं माझं म्हणणं नाही, जरूर द्या, कधी कधी काम होतंही, पण वहीच्या पहिल्या पानावर लाल पेनाने ती शेवटची तारीख लिहा आणि तिच्या तीन महिने आधी वकिलाकडे जा.

शासनाच्या वकिलाने मुदतीचा मुद्दा काढला नाही तर चालून जाईल असंही समजू नका. सुप्रीम कोर्टाने २०११ मध्ये स्पष्ट केलंय की न्यायाधिकरणाने स्वतःहून मुदत तपासायची असते.

लोक उशीर का करतात ते मला चांगलं माहितीये. चौकशी अजून चालू असते, त्यामुळे "कोर्टात गेलो तर साहेब दुखावतील आणि अहवाल विरोधात जाईल" ही भीती असते. कुणी अनुभवी माणूस सांगतो, थांब रे, होईल ऑफिस लेव्हलला. अर्ध्या पगारात वकिलाची फी कुठून आणायची हा प्रश्न असतो. ही सगळी कारणं खरी आहेत, पण न्यायाधिकरणापुढे "साहेबांची भीती होती" हे कारण म्हणून टिकत नाही, आणि "थांब रे" म्हणणारा माणूस तेव्हा तुमच्या बाजूला उभा नसतो. हक्काचा अर्ज करणं म्हणजे साहेबांशी भांडण नव्हे, मी शाखेत असताना ज्यांनी मॅटमध्ये केस टाकली त्यांच्या फायली उलट जास्त काळजीने आणि वेळेत हलवल्या जायच्या, कारण शपथपत्र दाखल करायचं असायचं.

कुठला दरवाजा

राज्य शासनाचे कर्मचारी असाल तर मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे खंडपीठं आहेत. थेट हायकोर्टात जाता येत नाही, १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून क्रम ठरलेला आहे, आधी न्यायाधिकरण आणि त्याच्या निर्णयावर हायकोर्टाचं खंडपीठ. केंद्र सरकारचे कर्मचारी कॅटमध्ये, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात जातात, त्यांना मूलभूत नियम ५३ आणि ५४-ब लागू, मुदत तीच कलम २१ ची.

झेडपीचे कर्मचारी मॅटमध्ये येत नाहीत, हे लक्षात ठेवा, चुकीच्या ठिकाणी केस टाकून दोन वर्षं घालवलेले लोक मी बघितलेत. त्यांनी विभागीय अपील करून मग हायकोर्टात रिट याचिका करायची. रिटला कायद्यात ठरलेली मुदत नाही, पण म्हणून कधीही गेलं तरी चालतं असं नाही, विनाकारण उशीर केला या एका कारणावर रिट फेटाळली जाते. अनुदानित खाजगी शाळेत असाल तर १९७७ चा एमईपीएस कायदा, म्हणजे खाजगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा कायदा, शाळा न्यायाधिकरणात बडतर्फी वगैरेवरचं अपील ३० दिवसांत करायचं असतं, मुदत अगदी कमी आहे. ज्यांना दिवाणी दावाच लावावा लागतो त्यांना पगाराच्या थकबाकीसाठी मुदत कायद्याने तीन वर्षं, पगार देय झाल्यापासून, म्हणजे प्रत्येक महिन्याचं घड्याळ वेगळं. एसटी किंवा महापालिकेतल्या कामगार वर्गात असाल तर कामगार न्यायालयाचा रस्ता वेगळा आहे आणि तिथे मुदत महिन्यांत नाही, दिवसांत मोजली जाते, त्यामुळे कामगार कायद्याच्या वकिलाला पहिल्या आठवड्यातच भेटा.

उशीर झालाच असेल तर

आता ज्यांची मुदत गेलीये त्यांनी लगेच हाय खाऊ नका, पण खोटी आशाही धरू नका.

आधी बघायचं की तुमचा विषय "चालू राहणारा अन्याय" या सदरात बसतो का. वकील लोक कंटिन्युइंग राँग म्हणतात. यातला फरक सुप्रीम कोर्टाने १९५९ मध्ये आपल्या आळंदीच्याच एका प्रकरणात सांगितलाय, श्री ज्ञानेश्वर महाराज संस्थान आणि तिथले पुजारी यांचा वाद होता, पुजाऱ्यांना सेवेतून काढलं होतं आणि दावा उशिरा आला. कोर्ट म्हणालं, कृत्य एकदाच घडून पूर्ण झालं असेल तर त्याचे परिणाम रोज भोगावे लागले तरी तो चालू राहणारा अन्याय होत नाही. हाच विचार २००८ च्या तरसेम सिंग निकालात पगार आणि पेन्शनला लावलाय. तरसेम सिंग सैन्यातले, अपंगत्व पेन्शनसाठी १६ वर्षांनी कोर्टात गेले, पेन्शन मिळाली कारण ती दर महिन्याला द्यायची होती, पण थकबाकी केस टाकण्याच्या आधीच्या साधारण तीन वर्षांपुरतीच.

आपल्या विषयाला लावून बघा. निर्वाह भत्ता दर महिन्याला देय असतो आणि दिलाच जात नाही, तर दर महिन्याला नव्याने कारण घडतं हा मुद्दा मांडता येतो, आणि साधारण तीन वर्षांची थकबाकी तरी वाचवता येते. निलंबन काळ धरला नाही म्हणून वेतनवाढ मागे पडली आणि आजही दर महिन्याला पगार कमी मिळतोय, तर वेतननिश्चितीपुरता हा मुद्दा घेऊन बघता येतो, १९९५ चा एम. आर. गुप्ता निकाल वेतननिश्चितीवर आहे. पण "निलंबन म्हणूनच गणण्यात येतो" ही एका दिवशी निघालेली ऑर्डर आहे, तिथे सरळ कलम २१ अंगावर येतं, आणि मग वेतननिश्चितीचा मुद्दाही त्या ऑर्डरशी बांधला जातो. त्या लिपिक गृहस्थांचं नेमकं इथेच अडलं.

मग उरतो विलंब माफीचा अर्ज, कलम २१ चं पोटकलम ३, पुरेसं कारण दाखवायचं. हा अर्ज लोक फार वाईट लिहितात. "अर्जदार गरीब आहे, कायद्याची माहिती नव्हती, विलंब हेतुपुरस्सर नाही" अशी चार ओळींची छापील भाषा, त्यावर कुठलं न्यायाधिकरण विश्वास ठेवेल? १९८७ च्या कातिजी निकालापासून कोर्टं उशिराकडे थोडं उदारपणे बघतात हे खरं, पण बघायला काहीतरी द्यावं लागतं. मुदत कधी संपली ती तारीख लिहा. त्या दिवसापासून अर्ज दाखल होईपर्यंत एकूण किती दिवस ते मोजा. मग तुकडे पाडा: या तारखेपासून या तारखेपर्यंत पत्नीचं ऑपरेशन, डिस्चार्ज कार्ड जोडलंय. या काळात माहिती अधिकारात कागद मागितले, ते अमुक तारखेला मिळाले. या काळात चुकीच्या कोर्टात केस चालू होती, ऑर्डरची प्रत जोडलीये, आणि हे शेवटचं फार वजनदार कारण आहे, प्रामाणिकपणे चुकीच्या कोर्टात घालवलेला वेळ वजा करण्याचं तत्त्व मुदत कायद्याच्या कलम १४ मध्येच आहे. जुनी प्रकरणं असतील तर कोविडचा काळ बघा, १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ सुप्रीम कोर्टाने मुदतीतून वगळला होता. जिथे काहीच कारण नाही तिथे खोटं मेडिकल सर्टिफिकेट लावू नका, एक खोटा कागद सापडला की बाकीचे खरे कागद पण कुणी बघत नाही.

ऑफिसने कधी लेखी कबूल केलं होतं का तेही शोधा. "आपले देयक तयार असून अनुदान प्राप्त होताच अदा करण्यात येईल" असलं पत्र कुठेतरी असतं आणि आपल्याला त्याची किंमत नसते. मुदत जिवंत असताना दिलेली लेखी कबुली दिवाणी दाव्यात नव्याने मुदत सुरू करते, आणि मॅटमध्ये तुम्ही गप्प का बसलात याचं उत्तर म्हणून तरी उपयोगी पडते. दहा रुपयांचा माहिती अधिकार अर्ज टाकून आपल्या प्रकरणाच्या फाइलची टिप्पणी आणि सेवापुस्तकाची प्रत मागा, ३० दिवसांत उत्तर यायला पाहिजे. पण त्या उत्तराची वाट बघत मुदत घालवू नका, कागद नंतरही जोडता येतात.

प्रत्यक्ष दाखल करताना

मॅटमध्ये मूळ अर्ज, म्हणजे ओए, दाखल करायचा. स्वतःही बाजू मांडता येते, वकील असलाच पाहिजे असं नाही, तरी पगाराच्या किचकट प्रकरणात सर्व्हिस मॅटर करणारा वकील घ्या. त्याच्याकडे जाताना ती प्लास्टिकची पिशवी तशीच नेऊन ओतू नका. कागद तारखेप्रमाणे लावा, सगळ्यात वर एक पान, ज्यावर निलंबनाची तारीख, दोषारोपपत्राची तारीख, पुनःस्थापना, अपील, निर्णय, आणि तुम्ही काढलेली शेवटची तारीख. सोबत हिशोबाचा तक्ता, महिनावार, मिळायला हवं होतं किती, मिळालं किती, फरक किती. या तक्त्यासाठी सेवार्थमधून, म्हणजे शासनाच्या ऑनलाइन पगार प्रणालीतून, पगारपत्रकं काढून घ्या. आकडा नसलेली मागणी कागदावर फार कमकुवत दिसते.

मागणी लिहिताना फक्त "पगार द्यावा" असं लिहू नका. जो आदेश तुमच्या आड येतोय तो रद्द करा ही मागणी आधी, मग कर्तव्यकाळ, मग फरक, वेतनवाढी, पेन्शनवरचा परिणाम. मूळ आदेशालाच आव्हान दिलं नाही म्हणून अडकलेली प्रकरणं मी बघितलीत. आणि मुदतीबद्दल जरा जरी शंका असेल तर विलंब माफीचा अर्ज सोबतच द्या, नंतर देऊ म्हणू नका. रजिस्ट्री, म्हणजे न्यायाधिकरणाचं कार्यालय, ज्या हरकती काढेल त्या ताबडतोब दूर करा, हरकतीत पडून राहिलेली केस म्हणजे पुन्हा उशीरच.

फीची अडचण असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. महिला, अनुसूचित जाती जमातीतले कर्मचारी, दिव्यांग यांना उत्पन्नाची अट न बघता मोफत वकील मिळतो, १९८७ च्या कायद्यात तशी तरतूद आहे. अर्ध्या पगारावरच्या माणसाने लाजू नये, हा हक्क आहे.

निकाल बाजूने लागला की प्रमाणित प्रत काढा, दुसऱ्याच दिवशी पत्रासोबत ऑफिसला द्या आणि पोच घ्या. निकालात "तीन महिन्यांत अंमलबजावणी करावी" असं असेल तर ती तारीख वहीत लिहा, कारण तेवढ्यात पैसे आले नाहीत तर अवमान अर्ज करावा लागतो आणि त्यालाही एक वर्षाची मुदत आहे. निकाल जिंकून तो कपाटात ठेवलेले आणि "आता मिळतीलच" म्हणत ते वर्ष घालवलेले दोघं जण गेल्या दिवाळीनंतर माझ्याकडे येऊन गेले, त्यातल्या एकांचे अकरा दिवस शिल्लक होते, आम्ही त्याच संध्याकाळी वकिलांना फोन लावला.